टायपिंगच्या फोल्डरमधला गेम

देवळाली कॅम्प,
११ ऑगस्ट २०२५

सोमनाथ,

'दादा' लिहायचं राहून गेलं असं समजू नकोस. लिहिलं होतं, मग खोडलं. कागद खराब दिसायला लागला म्हणून नवा घेतला.

तू मला फोनवर ब्लॉक केलंस, व्हॉट्सॲपवर केलंस, जिथे जिथे करता येतं तिथे केलंस. पोस्टमनला ब्लॉक करायची सोय अजून निघालेली नाही, म्हणून हे पत्र. पुण्याचा पत्ता विंचूरला फोन करून तुझ्या आईकडून घेतला. कुसाकाकूंना मी काही सांगितलेलं नाही, त्यांना वाटलं रिझवानभाईला काही पार्सल पाठवायचं असेल. मराठीत लिहिते आहे, कारण तुला उर्दू वाचता येत नाही, आणि माझं मराठी तुझ्यापेक्षा बरं आहे हे तूच सगळ्यांना सांगत फिरायचास.

सुनावणीच्या दिवशी तू स्क्रीनवर असा बसला होतास की जणू सगळं पहिल्यांदाच ऐकतोयस. तेव्हा पहिल्यापासूनच सांगते, तुझी आठवण ताजी होईल.

कॅम्पाच्या बाजारात पुढे अब्बा फौजींच्या वर्द्या शिवतात, मागे पडदा आहे आणि पडद्यामागे माझ्या भावाचा, रिझवानभाईचा गेमिंग झोन. तू नाशिकला डिप्लोमा करायला आलेला, आमचा एक बंद पडलेला कॉम्प्युटर दुरुस्त करायला म्हणून आत शिरलास आणि मग घरचाच झालास. मशीनं तुझ्या हातात, गिऱ्हाइकं भाईच्या हातात. गेम एवढे मोठे, आणि आमच्या बाजूचं इंटरनेट गेम उतरवायला घेतला की रडायला लागायचं. म्हणून तू एकाच मशीनवर गेम उतरवायचास आणि हार्ड डिस्कने उचलून बाकीच्या मशीनवर नुसता नेऊन ठेवायचास. शिवाय वर्दीचं माप द्यायला आलेले हवालदार आणि सुभेदार पडद्याआड डोकावायचे, आणि त्यांचीच पोरं आत बसलेली असायची. त्यांना काही दिसू नये म्हणून तू 'टायपिंग क्लास' नावाचा फोल्डर केलास, त्यात आणखी एक फोल्डर, त्यात गेम, आणि बाहेर कीबोर्डचं चित्र लावलेलं बटण. सुभेदार खूश, पोरं खूश. मीही हसले होते, ते नाकारत नाही.

मग ती गेमची स्पर्धा आली, आपापल्या केंद्रातून खेळायची, आणि मी नाव दिलं. जिंकणाऱ्याला पुण्याच्या संघात जागा, राहायची सोय, खेळणं हीच नोकरी. अब्बा कशालाही लवकर हो म्हणत नाहीत, पण याला म्हणाले. अट एकच घातली, नाव कमावून जा, कोणी बोट दाखवता कामा नये. आणि स्पर्धा भरवणाऱ्या कंपनीची अट होती की ग्राफिक्स कार्डासोबत जो प्रोग्रॅम येतो त्याने प्रत्येक सामना रेकॉर्ड झाला पाहिजे. कोणी शंका घेतली तर ते रेकॉर्डिंग बघायचं. रिझवानभाईने तुला सांगितलं, सोमनाथ, सगळ्या मशीनवर बघून घे. तू म्हणालास, झालंय सगळं. कंपनीलाही तसंच कळवलंस, केंद्राची तपासणी पूर्ण, सर्व ठीक. त्यांना तुझी टापटीप इतकी आवडली की त्यांनी तुला नोकरीच दिली.

तू बघितलंच नव्हतंस. तो प्रोग्रॅम त्याच्या ठरलेल्या जागा सोडून कुठे बघत नाही, आणि रीतसर न बसवता नुसता उचलून ठेवलेला गेम त्याला ओळखू येत नाही. त्याच्या यादीत कोणी कधी न खेळलेला एक क्रिकेटचा गेम होता, गाड्यांचा एक होता, आणि आम्ही जो रोज खेळतो तोच नव्हता. काखेत कळसा आणि गावाला वळसा. त्याच्या लेखी मी काहीच खेळत नव्हते, मग तो काय रेकॉर्ड करणार? 'रेकॉर्डिंग सुरू झालं' अशी जी पाटी कोपऱ्यात येते, ती तूच बंद करून ठेवली होतीस, पोरं वैतागतात म्हणून. त्यामुळे ती आली नाही तरी मला काही वावगं वाटलं नाही.

शेवटच्या सामन्यात मी भिंतीमागचा गडी टिपला. समोरच्यांनी तक्रार केली की हिला भिंतीपलीकडचं दिसतं, ही चोरटा प्रोग्रॅम लावून खेळते. मला दिसत नव्हतं, ऐकू येत होतं. लहानपणापासून पडद्यामागे बसून मी नुसत्या बुटांच्या आवाजावरून सांगते, दुकानात रंगरूट आलाय, हवालदार आलाय की साहेब. तू यावर माझ्याशी चहाची पैज लावायचास आणि दर वेळी हरायचास. त्यांनी रेकॉर्डिंग मागितलं. फोल्डर उघडला तर रिकामा.

सुनावणीला स्क्रीनवर समितीतले तिघे जण आणि कोपऱ्यातल्या चौकोनात तू, कंपनीचा नवा शर्ट घालून. त्यातल्या मोठ्या साहेबांनी विचारलं, "सोमनाथ, तुम्ही त्या केंद्रात होतात. तुम्हाला काही सांगायचंय?"

तू म्हणालास, "नाही सर."

त्या शब्दांनंतर त्यांनी मला बाद केलं. माझं नाव आता फसवणूक करणाऱ्यांच्या यादीत आहे. ती यादी सगळ्या स्पर्धावाल्यांकडे जाते, आणि ती कोणालाही बघता येते.

अपील सप्टेंबरच्या मध्यापर्यंत करता येतं. तू समितीला एवढंच सांग की गेम मी असा ठेवला होता, तपासणी मी केली नव्हती, रेकॉर्डिंग झालं नाही यात तिचा दोष नाही. मी चांगली खेळते वगैरे सांगू नकोस, ते मी दाखवून देईन. एक वाक्य बोल आणि मग मला जन्मभर ब्लॉक करून ठेव.

माहेनूर


देवळाली कॅम्प,
२३ ऑगस्ट २०२५

सोमनाथ,

पत्र पोचलं आहे. स्पीड पोस्ट होतं, तुझी सही झाली आहे. सही तरी करतोस, हे बरं आहे.

तू मूग गिळून बसला आहेस, तर इथली खबर मीच देते. कॅम्पातली पोरं मला आता 'भिंतवाली' म्हणतात. मी ज्यांना माउस धरायला शिकवलं तीच. बाजारातून जाताना कोणीतरी मागून भिंतीवर टकटक करतं आणि बाकीचे हसतात. परवा एका सुभेदाराची बायको आपल्या मुलाला घेऊन गेली. रिझवानभाईला म्हणाली, जिथे चोऱ्या शिकवतात तिथे आमचा मुलगा बसणार नाही. पडद्यामागे टायपिंग चालतं असं त्यांना इतकी वर्षं वाटत होतं, तेही आता उघड झालंय. म्हणजे आम्ही दोन्हीकडून खोटे.

अम्मी रडून मोकळी झाली. अब्बांचं मला कळत नव्हतं. काही दिवस ते माझ्याशी नेहमीसारखंच बोलत होते, फक्त संध्याकाळी दुकान बंद करताना मला घरी पाठवून एकटेच शटर ओढायचे. काल मी मुद्दाम थांबले. तेव्हा त्यांनी विचारलं, "तूने किया?" मी नाही म्हटलं. ते म्हणाले, "तो फिर ठीक है," आणि कुलूप लावलं. त्यांना गेम कळत नाही, ग्राफिक्स कार्ड कळत नाही. माझं 'नाही' त्यांना पुरलं. तुझं 'नाही' समितीला पुरलं. दोन नाहींत किती फरक असतो बघ.

मला राग येतो तो तुझ्या भित्रेपणाचा. तू वाईट आहेस असं मला अजूनही म्हणवत नाही, आणि त्याचाच जास्त राग येतो. ईदला अम्मी शिरखुर्मा काढायची तेव्हा तुझी वाटी आधी भरायची. तुझी परीक्षा बुडेल म्हणून भाईने त्याची बाइक तुला देऊन टाकली होती आणि तो स्वतः बसने हिंडायचा. हे उपकार म्हणून मोजत नाही, ते उपकार नव्हतेच. तू घरचा होतास. घरचा माणूस चारचौघांत विचारल्यावर 'नाही सर' म्हणतो, हे कुठल्या गावात चालतं ते सांग. विंचूरला तर चालत नसावं, कुसाकाकूंना मी ओळखते.

तुला नोकरी जायची भीती वाटते. बरोबर आहे, नवी नोकरी आहे. पण चूक कबूल केली म्हणून कोणी फाशी देत नाही. फार तर ओरडतील. मी न केलेल्या गोष्टीसाठी ओरडा खाते आहे, तू केलेल्या गोष्टीसाठी खा.

अपील मी आज भरलं. साक्षीदार म्हणून तुझं नाव दिलं आहे.

माहेनूर


देवळाली कॅम्प,
३१ ऑगस्ट २०२५

सोमनाथदादा,

आधी मागच्या दोन पत्रांत जे लिहिलं त्यातलं निम्मं परत घेते. निम्मं तुझ्या कानाखाली राहू दे, ते तुझं हक्काचं आहे.

परवा रिझवानभाईच्या फोनवर तुझं नाव दिसलं तेव्हा तो उचलायला तयार नव्हता. मीच त्याच्या हातातून घेऊन स्पीकरवर टाकला. मी तिथे आहे हे तुला कळलं असणार, तू दोनदा अडखळलास. पण तू बोललास, मला तेवढ्यानेही भरून आलं. तू भाईला सांगितलंस तसंच सगळं केलं. त्या प्रोग्रॅमच्या सेटिंगमध्ये गेम कुठे कुठे शोधायचे त्या जागा लिहिलेल्या असतात. तिथे आपल्या 'टायपिंग क्लास'ची जागा जोडली आणि पुन्हा शोधायला लावलं. पहिल्यांदा तो हात हलवत परत आला. मग तू म्हणालास तसं आतल्या फोल्डरपर्यंत जाऊन गेमची मुख्य फाइल हाताने दाखवली, हा घे, हाच तो. आणि काय सांगू, यादीत एकदम गेमचं मोठं चित्र आलं. मी इतक्या जोराने ओरडले की अब्बा कात्री घेऊन पडद्यातून डोकावले. त्यांना वाटलं कोणाला शॉक लागला.

बंद केलेली पाटीही आम्ही सुरू केली. मी एक सामना खेळले. कोपऱ्यात बारीक अक्षरं आली, रेकॉर्डिंग सुरू. खेळून झाल्यावर आम्ही तिघांनी बसून ते बघितलं, मी, भाई आणि अब्बा. मी स्वतःला खेळताना कधी पाहिलंच नव्हतं. दादा, मी चांगली खेळते रे. भिंतीमागच्या पावलांचा आवाज त्यात स्वच्छ येतो, आवाज आधी आणि माझी गोळी नंतर. अब्बांनाही ऐकू आला. म्हणाले, हा जड बुटाचा आहे, टाच घासतो.

तू भाईला म्हणालास की समितीचा माणूस पुण्यातूनच आपल्या मशीनला जोडून तपासणी करणार आहे, त्याच्या आधी सगळ्या मशीनवर हे करून घे, एकही तसंच ठेवू नकोस, केंद्र नीटनेटकं दिसलं पाहिजे. भाईने काल सुट्टी ठेवली आणि एकूण एक मशीन लावून घेतलं. मी विचारलं होतं, दादा साक्ष देणार का? भाई म्हणाला, तू असं म्हणालास की तपासणीत सगळं व्यवस्थित दिसलं की साक्षीची गरजच पडणार नाही. मला ते पटलं. तुझी नोकरीही राहील आणि माझं नावही निघेल. असं काही निघालं तर मला तुझ्यावर रागवायला कारणच उरणार नाही, आणि खरं सांगायचं तर रागवून मी फार दमले आहे.

अम्मी विचारत होती, सोमनाथ दिवाळीच्या सुट्टीत विंचूरला जाताना इकडून जाईल का. मी म्हटलं, जाईल.

तुझी,
माहेनूर


देवळाली कॅम्प,
१८ सप्टेंबर २०२५

सोमनाथ,

निकाल तुला माझ्या आधी कळला असेल. तरी त्यातल्या ओळी लिहिते, म्हणजे त्या तुझ्याही घरात राहतील. 'केंद्रातील सर्व संगणकांवरील सॉफ्टवेअर सुस्थितीत आहे. सदर गेम त्यात ओळखला जातो. रेकॉर्डिंगची सोय उपलब्ध असताना खेळाडूने ती जाणूनबुजून वापरली नाही.' आधी माझ्यावर नुसता संशय होता. आता 'जाणूनबुजून' आलं. दोन वर्षांची बंदी. संघात नवीन मुलं घेतात ती वयाची अट बघून घेतात, दोन वर्षांनी मी त्यात बसत नाही. तेव्हा दोन वर्षं हा म्हणायचा आकडा आहे, माझं सगळंच संपलं.

तपासणीला आलेला माणूस उंटावरून शेळ्या हाकल्यासारखा पुण्यातून आमची मशीनं फिरवत होता. त्याने प्रोग्रॅम उघडला, गेम दिसला. दुसऱ्या मशीनवर उघडला, दिसला. सगळीकडे दिसला. रिझवानभाई त्याला सांगत होता की साहेब, हे आम्ही आत्ता दुरुस्त केलंय, सामन्याच्या वेळी असं नव्हतं. तो म्हणाला, नव्हतं हे दाखवा. काय दाखवणार? एक मशीन जरी जसं होतं तसं ठेवलं असतं तर त्याच्यापुढे ठेवून म्हणता आलं असतं की बघा, गेम इथे चालू आहे आणि तुमच्या प्रोग्रॅमला दिसत नाही. मी फाइलींच्या तारखा दाखवल्या. तो म्हणाला, तारखा बदलता येतात. मग त्याने विचारलं, कोणाच्या सांगण्यावरून बदल केलेत? भाईने तुझं नाव घेतलं. त्याने तुला तिथल्या तिथे जोडून घेतलं.

"मी फक्त सर्वसाधारण माहिती दिली," असं तू म्हणालास. या वेळी 'सर' विसरलास.

भाई त्या दिवशी जेवला नाही. एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होता, "एकही तसंच ठेवू नकोस, असं का म्हणाला तो?" मी त्याला समजावत होते की केंद्र नीट दिसावं म्हणून. तिसऱ्यांदा समजावताना माझाच आवाज मला ऐकू आला.

सोमनाथ, त्या मशीनवर माझा निर्दोषपणा होता आणि तिथेच तुझी चूकही होती. एक पुसलं की दुसरं पुसलं जाणार, हे तुला कळत होतं. आम्हाला कळत नव्हतं, कारण आम्ही आनंदात होतो. मी तर ओरडले होते आनंदाने, आणि ते लिहूनही पाठवलं तुला. ते वाचताना तू काय केलंस? चहा घेत होतास का?

केसाने गळा कापणे, याचा वाक्यात उपयोग करा, असं आम्हाला शाळेत होतं. तेव्हा काय लिहिलं होतं ते आठवत नाही. आता विचारलं तर अख्खा निबंध लिहीन.

तू भाईला मेसेज केलास, 'मला तसं करायचं नव्हतं, गैरसमज करून घेऊ नका.' बरं. मग समितीला हेच सांग. अजून कोणी तुझा गळा धरलेला नाही. नाही सांगणार, मला माहीत आहे.

मी तुला भित्रा म्हटलं होतं. ते मी चुकीचं लिहिलं, ते खोडून टाक. भित्रा माणूस गप्प बसतो. तू गप्प बसला नाहीस, तू फोन केलास.

माहेनूर


देवळाली कॅम्प,
१२ डिसेंबर २०२५

सोमनाथ,

हे शेवटचं. यात तुझ्याकडे काही मागायचं नाही, तेव्हा निवांत वाच.

गेमिंग झोन ऑक्टोबरात बंद केला. पोरं येईनाशी झाली होती. रिझवानभाई आता नाशिक रोडला स्टेशनजवळ एका मोबाइलच्या दुकानात बसतो, सकाळी जातो, अंधार पडल्यावर येतो. मशीनांवर अम्मीने जुन्या चादरी टाकून ठेवल्या आहेत. मी अब्बांच्या हाताखाली छातीवरच्या नावाच्या पट्ट्या शिवते. काम चांगलं जमतं मला. फौजी लोक नाव वाकडं आलं तर चालवून घेत नाहीत, आणि तसं घेऊही नये.

मंगळवारी तुझी आई, कुसाकाकू, आल्या होत्या. नातेवाइकांकडे भगूरला आल्या होत्या, तिथून मुद्दाम वाट वाकडी करून आल्या. हातात कांद्याची पिशवी आणि पेढ्यांचा पुडा. मला जवळ घेऊन म्हणाल्या, "सोमनाथ पक्का व्हतोय गं कामावर. लय दिवस झाले, म्हटलं आधी तुमच्याकडंच पेढे द्यावे. तुमच्याच दुकानात घडला तो." मी त्यांना स्टुलावर बसवलं आणि चहा टाकला. त्यांना काहीच ठाऊक नाही. रिझवान कुठं हाय, मशीनांवर चादरी का, असं विचारत राहिल्या. अब्बांनी सांगितलं, धंदा मंदा है. त्या म्हणाल्या, "आमच्या सोमनाथला सांगते, काहीतरी करील तो तुमच्यासाठी." अब्बांनी मान खाली घालून शिलाई सुरू केली. मी चहात साखर दोनदा घातली.

आणि त्या बसलेल्या असतानाच दुकानाचा फोन वाजला. माझ्या हातात पट्टी होती म्हणून मी तो स्पीकरवर टाकला. पलीकडे एक बाई होत्या, बोलायला गोड. तुझ्या कंपनीतर्फे बोलत होत्या. सोमनाथ यांना आम्ही कायम करतो आहोत, त्याआधी मागच्या ठिकाणी चौकशी करावी लागते, मालक आहेत का? मी म्हटलं, मालक माझे भाऊ, ते बाहेर आहेत, मी बहीण, मीही दुकानातच असते. चालेल म्हणाल्या. तू कधीपासून होतास, काय काम करायचास, वेळेवर यायचास का, सगळं विचारलं. मी खरं खरं सांगितलं. मग त्यांनी विचारलं, "शेवटचा प्रश्न. माणूस प्रामाणिक आहे का? म्हणजे चूक झाली तर स्वतःहून सांगणारा आहे का?"

त्या बाईंच्या कागदावर हा प्रश्न छापलेलाच असणार. त्यांना कुठे माहीत की त्या कोणाला विचारत आहेत.

अब्बांचं मशीन थांबलं. कुसाकाकू पदर सावरून पुढे सरकल्या, मुलाचं कौतुक ऐकायला. आणि मला सगळं सांगता येत होतं, सोमनाथ. 'टायपिंग क्लास'पासून 'सर्वसाधारण माहिती'पर्यंत. बाई लिहून घेत होत्या. त्यांनी ते वर पाठवलं असतं, कदाचित माझी फाइलही कोणीतरी पुन्हा उघडली असती. इतके महिने मी ज्याची वाट बघत होते तो माणूस पलीकडे होता, आणि तो स्वतःहून विचारत होता.

मी म्हटलं, "हो. प्रामाणिक आहे."

बाई थँक्यू म्हणाल्या आणि फोन ठेवला. कुसाकाकूंनी माझ्या गालावरून हात फिरवून बोटं मोडली. अब्बांनी माझ्याकडे बघितलं आणि मशीन चालू केलं. रात्री भाईला कळलं तेव्हा तो माझ्यावर भडकला. इतका भडकलेला मी त्याला तुझ्यावरही पाहिला नव्हता. म्हणाला, तुला वेड लागलंय का? तुझ्या हातात आलं होतं सगळं.

तुलाही प्रश्न पडला असेल, म्हणून सांगते. तुझी आई समोर होती, ते एक कारण आहे, पण ते छोटं कारण. माझा मोठेपणा तर मुळीच समजू नकोस, मी तुला माफ केलेलं नाही आणि करणारही नाही. मला फक्त बघायचं होतं की ते किती जड जातं. आपल्या माणसासाठी कोणाच्या तरी साहेबापुढे एक वाक्य बोलणं. काही जड जात नाही, सोमनाथ. हातातली पट्टीसुद्धा खाली ठेवावी लागली नाही. आणि माझं तर खोटं होतं. तुला खरंच बोलायचं होतं.

मी ते वाक्य मागे घेणार नाही. त्या बाईंना पुन्हा फोन करणार नाही, तुझ्या आईला सांगणार नाही, कॅम्पात कोणापुढे तुझं नाव काढणार नाही. तू कायम हो. पगार वाढेल, हाताखाली माणसं येतील, कुसाकाकू पुन्हा पेढे घेऊन येतील आणि मी ते खाईन. फक्त रोज कामावर जाताना एवढं लक्षात ठेव की तू प्रामाणिक आहेस असं तुझ्या कंपनीला एकाच माणसाने सांगितलं आहे, आणि ते खोटं आहे हे तिला सांगतानाच माहीत होतं.

माहेनूर सलाउद्दीन